आवाज वाढवणारे एझ्रा काका

तुमच्या माणसांची कत्तल करणाऱ्याचं कौतुक कुणी भर सभेत करत असेल, आणि त्याच्या माइकचा आवाज तुमच्या बोटाखाली असेल, तर तुम्ही तो बंद कराल की नाही?

घाईनं उत्तर देऊ नका. मी असा प्रसंग प्रत्यक्ष पाहिलाय. त्या दिवशी बोट होतं एझ्रा काका झिराडकरांचं, आणि त्यांनी जे केलं ते मला अजून नीट पचलेलं नाही.

एझ्रा काका डेट्रॉइटच्या उत्तरेला ट्रॉयमध्ये राहायचे. मूळचे अलिबागजवळच्या झिराडचे. बेने इस्रायल, म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या कोकणात राहिलेले, घरात मराठी बोलणारे ज्यू. त्यांचे पूर्वज तेलाचा घाणा चालवायचे आणि शनिवारी, ज्यूंच्या विश्रांतीच्या दिवशी, अंधार पडेपर्यंत तो बंद ठेवायचे, म्हणून गाव त्यांना शनिवार तेली म्हणायचं. काका हे नाव मिरवायचे. आमच्या मराठी मंडळाचे कार्यक्रम शनिवारी असत आणि माइक, स्पीकर सगळं काकांकडे असे. त्यामुळे पत्रिका छापण्याआधी कार्यकारिणीला सूर्यास्ताची वेळ बघावी लागे. कुणी कुरकुरलं की काका म्हणत, "शनिवार तेल्याचा घाणा अंधार पडल्यावर सुरू होतो. घाई असेल तर तुम्ही नुसतेच ओरडा."

दुसऱ्या कुणाला ते काम जमलंही नसतं. काकांचा जन्म आवाज ऐकण्यात गेला होता. एका मोटार कंपनीत ते नव्या गाडीतली खडखड आणि किरकिर कुठून येते हे शोधणारे इंजिनिअर होते. निवृत्तीनंतर दोन्ही कानांत यंत्रं आली, पण सवय सुटली नाही. कुणाच्याही गाडीत बसले की दोन सिग्नल जायच्या आत मान तिरकी व्हायची. "डॅशबोर्डमागे क्लिप सुटलीय तुझी." आणि मग ठरलेला सल्ला : "वर कापूस कोंबू नकोस हां. आवाज जाईल, स्क्रू सैलच राहील."

मी इचलकरंजीचा. वडील यंत्रमाग कामगारांच्या युनियनमध्ये. आमच्या घरात देवघर नव्हतं, पत्रकांचे गठ्ठे होते, आणि मी अक्षरं ओळखायला शिकलो तीही त्यांवरच. शिकायला मिशिगनला आलो ती अकरा सप्टेंबरनंतरची वर्षं होती. विमानतळावर दाढीवाल्या मित्रांना बाजूला काढत, आणि मी जिथं तिथं तावातावानं बोलत असे. काकांना असली पोरं आवडायची. त्यांची बायको, राहेल काकू, मी येण्याआधीच गेली होती. पण काही चांगलं घडलं की काका तिच्या मोठ्या निळ्या ताटात मलिदा करायचे. गोड पोहे, ओलं खोबरं, वर पाच तऱ्हेची फळं. एलियाहू हनाबी, म्हणजे प्रेषित एलिया, यांच्या नावानं प्रार्थना व्हायची आणि मग आम्ही उपाशी विद्यार्थी ताटावर तुटून पडायचो. आमच्यातला कुणी परीक्षा पास झाला तरी मलिदा. "हनाबींना एवढं कामाला लावू नका काका," मी म्हणायचो. "त्यांना सवय आहे," काका म्हणायचे. "तू खा."

आता तो प्रसंग. संक्रांतीचा कार्यक्रम, जवळच्या नोव्हाय गावातल्या एका शाळेचं कॅफेटेरिया. तिळगूळ झाला, काही गाणी झाली. मंडळातले शिरीष काका माइकवर आले. मोठ्या मनाचा, मोठ्या आवाजाचा माणूस. नव्या विद्यार्थ्यांना विमानतळावरून आणायला हाच जाणार, ज्याच्याकडे गादी नाही त्याला गादी देणार. ते भारतातल्या भ्रष्टाचारावर बोलायला लागले. बोलता बोलता चढत गेले आणि म्हणाले, "लोकशाहीबिकशाही सोडा यार! आपल्या देशाला एक हिटलरच पाहिजे!"

टाळ्या पडल्या. खरंच पडल्या. आपल्याकडे हे वाक्य चहाबरोबर बोललं जातं, तुम्हीही ऐकलं असेल. कडक हेडमास्तर म्हणजे हिटलर, खमकी सासू म्हणजे हिटलर, आणि देश सुधारायचा तर हिटलर. मी काकांच्या शेजारीच, माइकचा आवाज कमी-जास्त करायच्या मिक्सरपाशी उभा होतो. म्हणालो, "काका, बंद करा तो माइक!"

काकांनी हात पुढे केला आणि आवाज वाढवला. मग दुसरा हात कानाशी नेऊन यंत्राचाही वाढवला. शिरीष काका आणखी दोन-तीन मिनिटं बोलले आणि मिक्सरकडे बघून अडखळले. तिथं कोण बसलंय हे त्यांच्या लक्षात आलं असावं.

काका उठून माइकपाशी गेले. "पूर्ण झालं का रे तुझं?"

"अहो काका, ते आपलं असंच... सहज म्हणतो ना आपण."

"सहजच म्हणालास, म्हणून तर ऐकायचं होतं. बरं, तुझा हिटलर आला. आता मी कुठं जाऊ? पत्ता दे, सामान बांधतो."

कुणी हसलं नाही. शिरीष काकांच्या हातातली तिळगुळाची वाटी तशीच राहिली. काका परत येऊन बसले आणि पुढच्या गाण्यासाठी तबल्याच्या माइकचा आवाज ठीक करायला लागले. दुसऱ्या दिवशी शिरीष काका त्यांच्या घरी गेले आणि चार तास बसले. काय बोलणं झालं ते दोघांनीही कधी सांगितलं नाही. मी मात्र काकांशी भांडलो. असल्या बोलण्याला व्यासपीठ द्यायचंच का? काका म्हणाले, "माइक बंद केला असता, तर मला कळलं असतं का टाळ्या कुणी वाजवल्या?"

पण काका हे भोळे उदार गृहस्थ होते असं समजू नका. त्यांच्या सिनेगॉगच्या, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनाघराच्या, मागच्या भिंतीवर एकदा कुणीतरी ज्यूंविरुद्धची घाण रंगवून गेलं होतं. काका आणि त्यांचा मित्र मॉरिस यांनी रविवारी सकाळी बादल्या घेऊन ती भिंत घासली. मॉरिसचं हार्डवेअरचं दुकान होतं. त्याची आई पोलंडमधून एकटीच वाचून आली होती, बाकी सगळं घर गेलं. दोघं म्हातारे एका थर्मासमधून काकांचा मसाल्याचा चहा प्यायचे. मॉरिस दर वेळी तोंड वाकडं करायचा आणि दर वेळी दुसरा कप मागायचा. त्या सकाळी, काका सांगत, मॉरिसला ब्रश धरवत नव्हता. "थंडीनं नव्हे रे," काका म्हणाले. "त्याला त्याची आई दिसत होती."

मग ती व्याख्या आली. ज्यूद्वेष म्हणजे काय, याची एक कामचलाऊ व्याख्या युरोपातल्या एका सरकारी संस्थेनं तेव्हा नुकतीच काढली होती. खाली उदाहरणं होती. ज्यूंना मारा असं म्हणणं, जग ज्यूंनी ताब्यात घेतलंय असं म्हणणं, नरसंहार झालाच नाही असं म्हणणं. आणि इस्रायलबद्दल काय बोललं तर तो द्वेष ठरू शकतो, याचीही काही उदाहरणं होती. तिथल्या सरकारची तुलना नाझींशी करणं हे त्यातलं एक. आमच्या विद्यापीठातल्या एका समितीनं ठरवलं की ही व्याख्या विद्यार्थ्यांच्या शिस्तीच्या नियमांत घालायची. मोडली तर चौकशी, वेळ पडली तर निलंबन. त्याआधी एक जाहीर सुनावणी होणार होती. आणि पहिली तक्रार तयारच होती. लैला नावाच्या मुलीनं विद्यार्थ्यांच्या वर्तमानपत्रात लेख लिहिला होता. तिचे आजोबा पॅलेस्टाइनमधून हाकलले गेले होते. लेखात ती तुलना होती.

मी पेटलो. सरकारी विद्यापीठ, बोलण्याचा हक्क घटनेत लिहिलेला, आणि हे व्याख्या घेऊन तोंडं शिवायला निघाले! एका बैठकीत पत्रक लिहिलं आणि लैलाला घेऊन काकांकडे गेलो. काकांनी चष्मा पुसून ते वाचलं.

"'ज्यूद्वेषाचा बागुलबुवा.' हे काढ."

"काका, पत्रकात जोर लागतो."

"लाव की जोर. खोटं लावू नकोस. बागुलबुवा भिंती रंगवत नाही. ती भिंत मी घासलीय."

"पण हे लोक त्याचाच वापर करून..."

"करतात. तसं लिही. वापर करतात असं लिही. नाहीच आहे असं लिहू नकोस."

मी ते वाक्य खोडलं, रागारागानंच. मग काका लैलाकडे वळले. तिच्याशी ते इंग्रजीत बोलले, मी मराठीत सांगतो.

"तुझा लेख मी दोनदा वाचला. आजोबांचं लिहिलंस ते वाचून मला रात्री जेवण गेलं नाही. पण ते नाझींचं वाक्य खोटं आहे."

लैला ताठ झाली. "माझ्या आजोबांवर जे झालं ते मी कोणत्या शब्दांत सांगायचं, हे तुम्ही ठरवणार?"

"नाही. म्हणूनच मी सुनावणीला येणार आहे. पण माझ्या टेबलावर बसलीस, तर माझं ऐकावं लागेल. माझी बहीण इस्रायलमध्ये, अश्दोदला राहते. तिचा नातू सैन्यात आहे. तो चुकत असेल. गुन्हाही करत असेल. तसं लिही, पुरावा दे, मी वाचीन. पण तो माणसं भट्टीत घालत नाही."

काकांनी निळं ताट तिच्यापुढे सरकवलं. लैलानं लेखातलं वाक्य शेवटपर्यंत बदललं नाही. मलिदा मात्र परत मागितला.

सुनावणीला हॉल भरला होता. काकांच्या आधी मॉरिस बोलला. लाल कोट, हातात कागद नाही. तो म्हणाला, "माझ्या आईच्या गावात सुरुवात शब्दांनीच झाली. तेव्हाही शहाणे लोक म्हणाले, बोलू द्या, बोलून काय होतंय. माझी नात इथं शिकते. ती गळ्यातला ज्यूंचा तारा स्वेटरच्या आत घालून वर्गात जाते. तिला सांगा, बोलून काय होतंय." आणि मग थेट काकांकडे बघून : "एझ्रा, तुमच्या लोकांवर तुमच्या गावानं शतकानुशतकं एक दगडही टाकला नाही. तू कुणाच्या जिवावर उदार होतोस?"

मी पत्रकांवर वाढलेला माणूस. पण हातातलं पत्रक मी घडी घालून खिशात टाकलं.

काका सावकाश माइकपाशी गेले. सवयीनं त्यांनी आधी तो बोटानं ठोकून बघितला.

"मॉरिस बरोबर बोलतोय," ते म्हणाले. "मला दगड लागलेला नाही, आणि त्याची भीती खोटी नाही. ही व्याख्या मी वाचलीय. ठेवा ती. शिक्षकांना द्या, पोलिसांना द्या. कुठं काय खडखडतंय ते ऐकायला ती उपयोगी आहे. तिच्यातच लिहिलंय की संदर्भ बघून ठरवा. पण शिक्षेची ताकद हातात आली की संदर्भ कोण बघत बसतं? कुणी या नातीला धमकावलं, तिच्या दाराशी जाऊन छळलं, तर त्याला हाकला. ते नियम तुमच्याकडे आहेत, ते वापरा. या दुसऱ्या मुलीनं लेख लिहिलाय. त्यातलं एक वाक्य वाईट आहे. मी त्याला उत्तर लिहीन. तुम्ही तिला गप्प केलंत, तर कोण काय म्हणतंय ते मला ऐकू येणार नाही. आणि मला आधीच कमी ऐकू येतं."

हॉल हसला. मॉरिस हसला नाही.

पुढे समितीनं व्याख्या माहितीच्या पानावर ठेवली, शिक्षेच्या नियमांत घातली नाही. लैलावरची तक्रार निकाली निघाली. मॉरिसच्या नातीसाठी काही झालं का, ते कुणी विचारलंही नाही. आम्ही पोरं पार्किंगमध्ये आरडाओरडा करत होतो. काका मॉरिसच्या गाडीपाशी थर्मास घेऊन उभे होते. मॉरिसनं काच खाली केली नाही.

आता जे सांगायचं आहे त्यासाठी हा सगळा खटाटोप.

ज्यूंमध्ये गेलेल्या माणसासाठी कद्दिश नावाची प्रार्थना म्हणतात. ती एकट्यानं म्हणता येत नाही. निदान दहा ज्यू लागतात, आणि काकांच्या सिनेगॉगमध्ये जुन्या रीतीप्रमाणे फक्त पुरुष मोजत. आमच्याकडच्या हिवाळ्यात, बर्फात, सकाळी दहा माणसं जमवणं म्हणजे दिव्य. नऊ झाले की फोन जायचा तो काकांना. ट्रॉयमधल्या कितीतरी घरांतले बाप, आया, भाऊ यांच्यासाठी काका दहावे म्हणून उभे राहिले होते. सुनावणीनंतर तो फोन यायचा बंद झाला. कुणी भांडलं नाही, कुणी बाहेर काढलं नाही. फक्त फोन वाजत नव्हता. काका यंत्राची बॅटरी बदलून बघायचे, की आपल्यालाच ऐकू येत नाही.

पुढच्या हिवाळ्यात राहेल काकूंचा स्मृतिदिन आला. काकांची बायपास नुकतीच झाली होती, त्यांना गाडी चालवायला बंदी. मी त्यांना घेऊन गेलो. शिरीष काका आपणहून आले होते, डोक्यावर लोकरीची टोपी घालून. आम्ही दोघं मागच्या बाकावर बसलो. पुढे काकांसकट नऊ जण होते.

"यार, आपण दोघं धरले तर अकरा होतात की," शिरीष काका कुजबुजले.

"आपल्याला मोजत नाहीत, काका."

"मग मी उपयोगाचा काय इथं?" म्हणाले आणि टोपी डोळ्यांवर ओढून बसून राहिले. संक्रांतीला माइकवर गरजलेला हाच माणूस.

काका दरवाज्याकडे बघत होते. बाहेर गाडी वळली की त्यांची मान तिरकी व्हायची. इंजिनच्या आवाजावरून ते गाडी ओळखत. मॉरिसची जुनी व्हॅन त्यांना कुठूनही ओळखू आली असती. ती आली नाही. बरीच वाट बघून व्यवस्था बघणाऱ्या गृहस्थांनी काकांच्या खांद्यावर हात ठेवला. काकांनी पुस्तक मिटलं. प्रार्थना झाली नाही. परत येताना ते एवढंच म्हणाले, "राहेलला सांगतो, पुढच्या वर्षी."

पुढचं वर्ष आलं नाही. मी तोवर नोकरीसाठी टेक्ससला, प्लेनोला गेलो होतो. काका गेल्याचं शिरीष काकांनी फोनवर सांगितलं. पण मला काका आठवतात ते त्यापूर्वीच्या एका संध्याकाळचे. स्मृतिदिनानंतर थोड्याच दिवसांनी मॉरिसचा भाऊ वारला. घरी सुतकाची बैठक होती, बाहेर वादळ, रस्ते बंद व्हायला आलेले. मी काकांकडेच होतो. फोन वाजला. ते सिनेगॉगचे गृहस्थ होते, फार ओशाळून बोलत होते. नऊ जण जमले होते.

"निघालो," काका म्हणाले.

"काका, तो तुमच्यासाठी आला नव्हता! राहेल काकूंची प्रार्थना त्यांनी..."

"गाडी काढ. भाषण वाटेत कर."

मी वाटभर बोललो. न्याय, स्वाभिमान, सगळं बोललो. काकांनी पूर्ण ऐकून घेतलं. मग म्हणाले, "मागच्या उजव्या चाकाचं बेअरिंग बघून घे."

दार मॉरिसनंच उघडलं. दाढी वाढलेली, शर्टाला रीतीप्रमाणे फाडलेली चीर. तो काकांकडे बघतच राहिला.

"तू कशाला आलास?"

"नऊ आहात ना?" काकांनी बुटांवरचा बर्फ झटकला. "मग बाजूला हो, थंडी आत येतेय."

मी दाराशीच, बुटांच्या ढिगाऱ्यापाशी उभा राहिलो. आत मॉरिसनं कद्दिश सुरू केली. दुसऱ्याच ओळीला त्याचा आवाज बसला, पुटपुटणंच उरलं. शेजारच्यालाही ऐकू आलं नसेल. तेव्हा काकांनी हात कानाशी नेला आणि यंत्राचा आवाज वाढवला. मान तिरकी केली. आणि जिथं इतरांनी आमेन म्हणायचं असतं तिथं, सगळ्यांच्या आधी, खणखणीत, कोकणी हेल काढून म्हणाले, "आमेन."

मी पाहिलेले एझ्रा काका ते शेवटचे. पुन्हा भेट झाली नाही.

आता माझी मागणी. ज्याच्या मतांनी तुमचं डोकं फिरतं, असा एक माणूस तुमच्या ओळखीत आहे. त्याचं नाव तुम्हाला आत्ता आठवलं आहे. त्याला उत्तर द्या, कडक द्या, लिहून द्या, त्याचं तोंड बंद करणारा नियम मात्र मागू नका. आणि त्याच्या घरी माणूस गेला, की बोलावण्याची वाट न बघता जा. तिथं एक जण कमी पडत असेल.